नाही म्हणा, पण म्हणा

बापूरावांचा अर्ज साधा होता. लातूर जिल्ह्यातल्या मांजराकाठच्या गावात त्यांची रस्त्याला लागून सहा एकर जमीन होती. त्यातल्या चाळीस गुंठ्यांवर मंगल कार्यालय बांधायचं त्यांनी ठरवलं. जमीन शेतीची, म्हणून आधी ती बिनशेती करून घ्यायला हवी. महाराष्ट्र जमीन महसूल संहिता, 1966 च्या कलम 44 खाली प्रांत कार्यालयात अर्ज करायचा, सोबत सातबारा, आठ-अ आणि नकाशे जोडायचे, असं कुणीतरी सांगितलं. एप्रिल 2012 मध्ये त्यांनी अर्ज दिला, आवक शाखेतून तारखेच्या शिक्क्यासह पोच घेतली आणि ती प्लॅस्टिकच्या पिशवीत घालून कपाटात ठेवली.

महिन्याभरानं ते चौकशीला गेले. टेबलावरचे अव्वल कारकून सभ्य गृहस्थ होते. “बसा. फाईल चालू आहे. नगररचनाचा अभिप्राय यायचाय.” पुढच्या खेपेला बांधकाम खात्याचं पत्र जायचं होतं. त्याच्या पुढच्या खेपेला साहेब रजेवर होते. त्या वर्षी पावसानं दगा दिला, मग सगळं कार्यालय टंचाईच्या कामाला लागलं. “बापूराव, लोकांना प्यायला पाणी नाही, आम्ही टँकर मोजतोय. तुमचं बघू की, पुढच्या महिन्यात.”

टँकरपुढं मंगल कार्यालय मागं पडणार हे बापूरावांनाही पटत होतं. खटकत होतं ते वेगळंच. कुणी होय म्हणत नव्हतं, कुणी नाही म्हणत नव्हतं आणि कधी सांगू हेही कुणी सांगत नव्हतं. गावात सल्ला एकच मिळायचा, फाईलीवर वजन ठेवा. ते बापूरावांनी मनावर घेतलं नाही. आपण कुणाचं घेत नाही, कुणाचं ठेवत नाही, कुणाला ताटकळत ठेवत नाही, असा त्यांना स्वतःबद्दल थोडा अभिमान होता.

एक दिवस गावातल्या निवृत्त मास्तरांनी त्यांना कायद्याचं पुस्तक उघडून दाखवलं. कलम 44 मध्ये लिहिलेलं होतं की अर्जाची पोच दिल्यापासून नव्वद दिवसांत निर्णय कळवला नाही, तर परवानगी दिली असंच मानलं जाईल. बापूराव उडालेच. नव्वद दिवस तर केव्हाच होऊन गेले होते! पोच आणि पुस्तक घेऊन ते बँकेत गेले. मॅनेजरनं दोन्ही नीट वाचलं आणि परत केलं. “कायदा बरोबर आहे हो. पण ज्या परवानगीवर कुणाची सही नाही, तिच्यावर मी कर्ज मंजूर केलं तर उद्या माझी चौकशी लागेल. आदेश आणा.” तलाठीही तेच म्हणाला. आदेश आल्याशिवाय गाव नमुना दोनला बिनशेतीची नोंद घेता येत नाही.

मास्तरांची एक विद्यार्थिनी औरंगाबादला, आताच्या छत्रपती संभाजीनगरला, मुंबई उच्च न्यायालयाच्या खंडपीठात वकिली करत होती. बापूराव रातराणी एसटीनं अंबाजोगाई, बीडमार्गे तिथं पोहोचले. जालना रोडवरच्या त्या इमारतीत ते आयुष्यात पहिल्यांदाच गेले होते.

वकीलबाईंनी आधी गोष्ट ऐकलीच नाही. “पोच आहे?” एवढंच विचारलं. ती बघितल्यावर त्यांचा चेहरा खुलला. “निम्मी माणसं इथं रिकाम्या हातानं येतात. तोंडी किती खेटे घातले ते सांगतात, पण तारीख कुठंच नसते. न्यायालयात तारीख बोलते.” मग त्यांनी सातबारा उलगडला. “इथं दोन नावं दिसतात.”

“दुसरं बहिणीचं. 2007 साली वडील गेले, तेव्हा वारस म्हणून दोघांचं लागलं.”

“अर्जात तिची संमती?”

“घरचीच आहे हो मॅडम. आक्का काय नाही म्हणणार आहे?”

“तर मग त्या नव्वद दिवसांच्या भरवशावर एक वीटसुद्धा रचू नका. उद्या कुणीही म्हणेल की अर्जच अपुरा होता. आधी बहिणीची संमती घेऊन ठेवा.”

“घेतो की,” बापूराव म्हणाले. “पण मग न्यायालयात जाता येणार नाही का?”

“येईल. अर्ज अपुरा असेल तर तो परत करायचा, त्रुटी कळवायची, नामंजूर करायचा. हेही निर्णयच आहेत आणि कायद्यानं ते करायलाच सांगितलंय. काहीही न करण्याची मुभा मात्र कायद्यानं कुणालाच दिलेली नाही.”

त्यांनी बापूरावांना थेट याचिकेला हात घालू दिला नाही. आधी दहा रुपयांचा कोर्ट फी स्टॅम्प लावून माहितीच्या अधिकारात अर्ज करायला लावला. आपली फाईल कोणत्या टेबलावर किती दिवस होती आणि तिच्यावर काय टिपणी झाली, त्याच्या प्रती मागितल्या. तीस दिवसांच्या आत प्रती आल्या. फाईलीत एकच टिपणी होती, अहवाल मागवावा अशी. ती अर्ज आला त्याच आठवड्यातली होती. त्यापुढची पानं कोरी होती. ना नगररचनाला पत्र गेलं होतं, ना बांधकाम खात्याला.

मग वकीलबाईंनी प्रांताधिकाऱ्यांना रीतसर मागणीपत्र पाठवलं. कलम 44 ची मुदत तर त्यात होतीच. शिवाय राज्याचा बदल्यांचा आणि दिरंगाईला आळा घालणारा 2005 चा कायदाही होता. त्याच्या कलम 10 प्रमाणे एका कर्मचाऱ्याकडे फाईल सर्वसाधारणपणे सात कामकाजाच्या दिवसांपेक्षा जास्त पडून राहायला नको. दुसऱ्या खात्याकडे पाठवायची नसेल तर पंचेचाळीस दिवसांत आणि पाठवायची असेल तर तीन महिन्यांत निर्णय व्हायला हवा. मुद्दाम केलेली दिरंगाई शिस्तभंगाच्या कारवाईला पात्र ठरते. “आधी मागायचं,” वकीलबाई म्हणाल्या. “मागितलं आणि तरी मिळालं नाही, हे दाखवता आलं की उच्च न्यायालय दार उघडतं.”

मागणीपत्राचीही पोच आली, उत्तर आलं नाही. उन्हाळ्याची सुट्टी संपल्यावर, 2013 च्या जूनमध्ये संविधानाच्या अनुच्छेद 226 खाली रिट याचिका दाखल झाली. मागणी एकाच आदेशाची होती, ज्याला कायद्याच्या भाषेत परमादेश म्हणतात. अधिकाऱ्यावर कायद्यानं टाकलेलं काम तो करत नसेल, तर ते करायला लावणारा हुकूम.

पहिल्या तारखेला सहायक सरकारी वकिलांनी माहिती घेण्यासाठी वेळ मागून घेतला. दुसऱ्या तारखेला ते म्हणाले, “अर्ज विचाराधीन आहे.” दोन न्यायमूर्तींपैकी ज्येष्ठांनी कागदावरची तारीख पाहिली. “सव्वा वर्ष विचार चालू आहे?” मग आदेश सांगितला. अर्जदाराला सुनावणीची संधी द्यावी, त्याच्या अर्जावर कायद्यानुसार सहा आठवड्यांत सकारण निर्णय घ्यावा आणि तो त्याला कळवावा. अर्जाच्या गुणवत्तेबद्दल न्यायालयानं कोणतंही मत व्यक्त केलेलं नाही, सर्व मुद्दे खुले आहेत. याचिका निकाली.

बापूराव सगळी रात्र एसटीत बसून आले होते आणि प्रकरण पाच मिनिटांत संपलं. बाहेर व्हरांड्यात ते रागातच होते. “एवढंच? परवानगी द्या असं का नाही म्हणाले? सगळं समोर होतं की.”

“न्यायालय प्रांताच्या खुर्चीत बसत नाही,” वकीलबाई म्हणाल्या. “जमीन कशी आहे, रस्ता केवढा आहे, परवानगी द्यावी की नाही, हे ठरवायचा अधिकार कायद्यानं त्यांना दिलाय. न्यायालय फक्त इतकंच बघतं की तो अधिकार ते वापरतायत की उशाशी घेऊन झोपलेत. आज तुम्हाला परवानगी मिळाली नाही. उत्तर मिळवायचा हक्क मिळाला.”

“आणि सहा आठवड्यांत नाही दिलं तर?”

“तर अवमान. मग प्रांतसाहेबांना स्वतःच्या नावानं खुलासा करावा लागेल. आजवर तुमचा अर्ज पडून राहिला तर त्यांचं काही बिघडत नव्हतं. आता बिघडेल. आदेशात ताकद आहे ती एवढ्याचीच. गप्प बसणं आजपर्यंत फुकट होतं, न्यायालयानं त्याला किंमत लावली.”

ती किंमत खरोखरच कामी आली. तिसऱ्या आठवड्यात सुनावणीची नोटीस आली. मंडळ अधिकारी येऊन जागा बघून गेले. नगररचना आणि बांधकाम खात्यांना पत्रं गेली, अभिप्रायही आले. सव्वा वर्षात एकही पान न हललेल्या फाईलीत महिनाभरात जाड गठ्ठा जमला. मुदत संपायच्या चार दिवस आधी बापूरावांच्या हातात आदेश पडला.

अर्ज नामंजूर झाला होता.

कारण चार ओळींत दिलेलं होतं. अभिप्राय अनुकूल आहेत. तथापि अधिकार अभिलेखात सहधारक म्हणून अर्जदाराच्या भगिनीचं नाव दाखल आहे, जमिनीचं वाटप झालेलं नाही आणि सहधारकाची संमती अर्जासोबत नाही. संमती अथवा वाटपाचा कागद जोडून अर्जदारास नव्यानं अर्ज करता येईल.

बापूराव तडक कार्यालयात गेले. तेच अव्वल कारकून भेटले, पण आता ते दुसऱ्या टेबलावर होते. बाहेर टपरीवर चहा घेताना बापूरावांनी विचारलं, “भाऊसाहेब, हे बहिणीचं नाव तुम्हाला कधी दिसलं?”

“पहिल्याच दिवशी. सातबारा वरच होता.”

“मग मला सांगितलं का नाही?”

कारकुनांनी बशीतला चहा संपवला. आता टेबल बदललं होतं, लपवायचं काही उरलं नव्हतं. “सांगायचं म्हणजे लेखी द्यायचं. लेखी नाही म्हटलं की तुम्ही अपिलात जाणार, कुणाकुणाचे फोन आणणार. होय म्हटलं तर ऑडिटवाला विचारणार, का दिलं म्हणून. काहीच नाही म्हटलं तर बापूराव, कोणी काही विचारत नाही. वीस वर्षं बघतोय मी. फार तर माणूस येतो, चिडतो आणि जातो.”

त्या संध्याकाळी बापूरावांनी वकीलबाईंना फोन लावला. अपील करायचंच, असं म्हणाले. “करता येईल,” त्या म्हणाल्या. “प्रांतांच्या आदेशाविरुद्ध साठ दिवसांत वर अपील आहे. बघा, नकाराला अपील असतं. वर्षभर जे चाललं होतं त्याला अपीलही नव्हतं. पण मला आधी सांगा, त्यांनी दिलेलं कारण खोटं आहे का?”

बापूराव काहीच बोलले नाहीत.

“संमती घ्या म्हणाले होते मी.”

“घेणारच होतो. म्हटलं, बघू...”

“बहिणीनं कधी काही मागितलं होतं?”

मागितलं होतं. वडिलांच्या वर्षश्राद्धाला आक्कानं पहिल्यांदा विषय काढला होता. दोन्ही मुलं शिकतायत, माझा हिस्सा मोजून दे, नाहीतर त्याचं काय ते ठरव. बापूराव म्हणाले होते, सुगी होऊ दे. मग ते म्हणाले, दिवाळीनंतर बघू. दर भाऊबीजेला तिच्या ताटात ते भरघोस ओवाळणी टाकत आणि विषय निघायच्या आत ट्रॅक्टरचा हप्ता, बोअरला लागलेलं पाणी, असलं काहीतरी बोलायला लागत. एकदा तिनं पोस्टानं पत्रही पाठवलं होतं. तेही कपाटातच होतं, पोचेच्या शेजारी.

वकीलबाईंनी सगळं ऐकून घेतलं. मग म्हणाल्या, “बापूराव, तुमच्यासाठी केलेला मसुदा माझ्याकडं अजून आहे. अर्जदारानं वारंवार विनंती केली, लेखी पत्र दिलं, तरी निर्णय नाही, नकारही नाही, कारणही नाही. अर्जदाराच्या जागी तुमच्या बहिणीचं नाव घातलं तर त्यात किती शब्द बदलावे लागतील? पण भावावर परमादेश निघत नाही. तिला दिवाणी दावाच लावावा लागेल, तोही सख्ख्या भावावर. म्हणून ती गप्प बसली आणि तुमचं काही बिघडलं नाही.”

सण नसताना बापूराव आक्काकडं उदगीरला गेले, तेव्हा तिला आधी भीतीच वाटली. त्यांनी आदेश तिच्या पुढ्यात ठेवला, सगळं सांगितलं आणि संमतीचा कागद काढला.

आक्कानं कागद वाचला, घडी घातली आणि परत दिला. “यावर आज सही करणार नाही. करणारच नाही असंही नाही. पण आधी माझ्या मागण्याचं काय ते सांग.”

“देतो की हिस्सा. तू सही कर, मी...”

“तसं नको बापू. सहीच्या बदल्यात हिस्सा नको मला. उद्या गावात म्हणतील की भावाला अडवून घेतला. हिस्सा वेगळा, सही वेगळी. माझा हिस्सा द्यावा असं तुला वाटत असेल तर दे. नसेल वाटत तर नाही म्हण. तू त्याच वर्षी नाही म्हणाला असतास ना, तर मी एकतर कोर्टात गेले असते, नाहीतर सोडून दिलं असतं. दोन्हीतून मी सुटले असते. तुझ्या ‘बघू’नं मला भांडूही दिलं नाही आणि विसरूही दिलं नाही. महिना घे. पण उत्तर लिहून दे, तारीख घालून.”

परतीच्या वाटेवर बापूरावांना अव्वल कारकून आठवले. त्यांच्याजवळ निदान ऑडिटचं भय होतं. आपल्याला कसलं होतं? होय म्हटलं असतं तर तीन एकर गेली असती. नाही म्हटलं असतं तर बहीण तुटली असती. काहीच म्हटलं नाही, म्हणून जमीनही राहिली आणि ओवाळायला बहीणही राहिली. याचा सगळा खर्च तिच्या नावावर पडत होता.

महिना पुरा व्हायच्या आत त्यांनी उत्तर लिहिलं. सहा एकरांपैकी तीन एकर आक्काचे, रस्त्याची बाजूही निम्मी तिची. मग दोघांनी मिळून तहसीलदारांकडं संहितेच्या कलम 85 खाली वाटपाचा अर्ज केला. वाटप झालं, फेरफार मंजूर झाला, दोघांचे सातबारे वेगळे झाले. बापूरावांना आता बिनशेतीसाठी कुणाची संमती लागतच नव्हती. तरी त्यांनी आक्काला विचारलं की शेजारी मंगल कार्यालय उभं राहिलं तर तुला चालेल का. तिनं तिथल्या तिथं सांगितलं, “चालेल. पण गाड्या माझ्या शेतात लावायच्या नाहीत.” कार्यालय चाळीस गुंठ्यांवरून पंचवीस गुंठ्यांवर आलं. रस्त्याची बाजू निम्मी झाल्यावर त्यापेक्षा मोठं बसतही नव्हतं.

नवा अर्ज गेला. पोच घेताना बापूरावांनी आवक क्रमांक वहीत उतरवून घेतला आणि त्याच्यापुढं नव्वदाव्या दिवसाची तारीख लिहिली. या खेपेला तिथवर जायची वेळ आली नाही. दोन महिन्यांत आदेश झाला, अटी-शर्तींसह. मॅनेजरनं सही-शिक्का बघून कर्ज दिलं.

पुढं बापूराव गावच्या विविध कार्यकारी सोसायटीवर संचालक म्हणून निवडून आले. पहिल्याच बैठकीत एका म्हाताऱ्याचा कर्जमागणीचा अर्ज पुढं आला. थकबाकीमुळं त्याला कर्ज बसत नव्हतं, हे सगळ्यांना ठाऊक होतं. पण म्हातारा चांगला, त्याला तोंडावर नाही कसं म्हणायचं? चेअरमन म्हणाले, “राहू द्या, पुढच्या मीटिंगला बघू.” सगळ्यांनी माना डोलावल्या.

बापूरावांनी सचिवांकडून प्रोसिडिंग बुक मागून घेतलं. “आज नाही म्हणायचं असेल तर आजच लिहा,” ते म्हणाले. “का नाही तेही लिहा आणि त्याच्या घरी लेखी कळवा. त्याला दुसरीकडं जाता येईल, वर दाद मागता येईल, नाहीतर ती थकबाकी भरून परत येता येईल. आपण गप्प बसलो तर यातलं काहीच त्याला करता येणार नाही. आपण मात्र चांगले म्हणून मिरवू.”

चेअरमनना ते आवडलं नाही. सचिवांनी ठराव लिहिला, अर्ज नामंजूर, कारणासह. म्हातारा दोन दिवस बापूरावांशी बोलला नाही. तिसऱ्या दिवशी तो थकबाकीचा हिशोब घेऊन त्यांच्या ओट्यावर आला आणि म्हणाला, “एवढं भरलं की बसतं का, ते आता सांगा.”

ज्याच्या हातात दुसऱ्याचा निर्णय असतो, त्यानं उत्तराचं कर्ज काढलेलं असतं. तो नाही म्हणाला तरी ते फिटतं. बघू म्हणून टाळत राहिला, तर व्याज समोरचा भरत राहतो.